न दुखणारी गाठ

वयस्कर माणसाच्या गालावर, पापणीच्या कडेला, कपाळावर नाहीतर दंडावर एक छोटी गाठ उठते. रंग लालसर, कधी जांभळट, कधी आजूबाजूच्या कातडीसारखाच. वरची कातडी ताणलेली आणि चकचकीत. बोटाने दाबली तर टणक लागते, पण दुखत नाही. खाज नाही, पू नाही, रक्तही नाही. बहुतेक घरांत अशा गाठीवर ठरलेली उत्तरं असतात. उष्णता बाहेर पडतेय. चरबीची गाठ असेल. चंदन उगाळून लाव. आणि सगळ्यांत वजनदार उत्तर म्हणजे, दुखत नाही ना, मग उगाच कशाला उकरायची?

हे उत्तर फक्त घरच्यांचंच असतं असं नाही. अमेरिकेत अशा 195 रुग्णांच्या नोंदी तपासून 2008 साली एक अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यातल्या निम्म्याहून जास्त गाठी पहिल्या तपासणीत डॉक्टरांनाही निरुपद्रवी वाटल्या होत्या. कुणी ती साधी सिस्ट समजलं, कुणी केसतूड, कुणी रक्तवाहिन्यांची गाठ. प्रत्यक्षात तो मर्केल पेशींचा कर्करोग होता. त्वचेच्या कर्करोगांमधला हा अत्यंत दुर्मीळ आणि अत्यंत आक्रमक प्रकार. त्याच 195 जणांपैकी 88 टक्के लोकांना गाठ मुळीच दुखत नव्हती, आणि 63 टक्के लोकांची गाठ तीन महिन्यांच्या आत झपाट्याने वाढली होती. न दुखणारी, पण भराभर वाढणारी, ही जोडी डॉक्टरांच्या लक्षात राहावी म्हणून त्या अभ्यासकांनी इंग्रजीतल्या पाच स्वरांवर एक खूणगाठ बसवून दिली. ए म्हणजे वेदना नसणं, ई म्हणजे वेगाने वाढणं, आय म्हणजे प्रतिकारशक्ती कमी असणं, ओ म्हणजे पन्नाशीच्या पुढचं वय, आणि यू म्हणजे उन्हाने सोसलेली, गोरी कातडी. पाचही खुणा एकाच माणसात क्वचितच सापडतात, पण तीन किंवा त्याहून जास्त खुणा जवळपास नव्वद टक्के रुग्णांत होत्या.

रोग किती दुर्मीळ? अमेरिकेत 2013 साली याचे सुमारे अडीच हजार रुग्ण सापडले, म्हणजे दर लाख लोकांत एकही नाही. मेलानोमा हा त्वचेचा जास्त परिचित घातक कर्करोग तिथे याच्या तीसेक पट आढळतो. पण मर्केलची घातकता मेलानोमालाही मागे टाकणारी आहे. निदान झालेल्यांपैकी साधारण एक तृतीयांश लोक याच रोगाने दगावतात. अमेरिकेतल्या नऊ हजारांहून अधिक रुग्णांच्या नोंदींवरून दिसतं की गाठ फक्त त्वचेपुरती असताना सापडली, तर पाच वर्षांनंतर सुमारे निम्मे रुग्ण हयात असतात. जवळच्या लसिका ग्रंथींपर्यंत रोग पोचला असेल तर हे प्रमाण 35 टक्क्यांवर येतं, आणि दूरच्या अवयवांत पसरला असेल तर 14 टक्क्यांवर. या आकड्यांत म्हातारपणाच्या इतर कारणांनी गेलेलेही धरलेले आहेत, हे ध्यानात ठेवायला हवं. तरी चित्र पुरेसं स्पष्ट आहे.

वयाचा हिशेब त्याहून बोलका आहे. अमेरिकेत चाळिशीच्या सुरुवातीला हा रोग लाखात 0.1 इतका असतो, साठीच्या सुरुवातीला लाखात एक, आणि पंचाऐंशीच्या पुढे लाखात जवळपास दहा. चाळीसेक वर्षांत शंभरपट वाढ. बहुतेक कर्करोग वयाबरोबर वाढतात, पण इतकी तीव्र चढण थोड्याच रोगांत दिसते. 2000 ते 2013 या काळात तिथल्या रुग्णांची संख्या जवळपास दुप्पट झाली. त्यात निदान सुधारल्याचा वाटा आहेच, पण लोक जास्त वर्षं जगू लागल्याचा वाटाही मोठा आहे.

सामान्य वाचकांपर्यंत या रोगाचं नाव पोचलं ते 1 सप्टेंबर 2023 ला. अमेरिकी गायक जिमी बफे त्या दिवशी वयाच्या 76 व्या वर्षी गेला, आणि गेली चार वर्षं तो मर्केल पेशींच्या कर्करोगाशी झुंजत होता असं जाहीर झालं. बफेची सगळी कारकीर्द समुद्रकिनारा, होडी, ऊन आणि निवांतपणा यांवर उभी होती. त्याचं 1977 सालचं ‘मार्गारिटाव्हिल’ हे गाणं तर पुढे हॉटेलांच्या साखळीचं नाव झालं. साहजिकच बातम्यांमधून ऊन आणि कर्करोग यांची सांगड घातली गेली. ती सांगड चुकीची नाही, पण अर्धीच आहे. एखाद्या रुग्णाचा हा रोग उन्हामुळेच झाला असं त्याच्या राहणीवरून सांगता येत नाही, कारण याच गाठीकडे येणारा एक दुसरा रस्ता आहे आणि त्याचा उन्हाशी फारसा संबंध नाही.

तो दुसरा रस्ता सापडला कसा, हे मला या सगळ्या प्रकरणातलं सर्वांत रंजक वाटतं. पण त्याआधी मर्केल कोण, हे पाहू.

फ्रिडरिश मर्केल हे जर्मनीतले शरीररचनाशास्त्रज्ञ. 1875 साली, रोश्टॉक इथे प्राध्यापक असताना, त्यांनी पाळीव प्राण्यांच्या आणि माणसाच्या कातडीतल्या स्पर्शपेशींवर निबंध लिहिला. डुकराचं नाक, बदकाची चोच अशा, स्पर्शावर पोट भरणाऱ्या अवयवांच्या पातळ चकत्या कापून ते सूक्ष्मदर्शकाखाली बघत. बाह्यत्वचेच्या अगदी तळाला त्यांना काही फिकट, फुगीर पेशी दिसल्या आणि प्रत्येकीला चेतातंतूचं एक टोक चिकटलेलं दिसलं. या पेशी स्पर्श ओळखणाऱ्या असाव्यात, असं त्यांनी म्हटलं. तर्क बरोबर होता, पण पुरावा हाती यायला जवळपास एकशे चाळीस वर्षं लागली. 2014 साली दाखवलं गेलं की या पेशींच्या आवरणात पिझो-2 नावाचं प्रथिन असतं. पेशी दाबली गेली की त्या प्रथिनाचं दार उघडतं, भारित कण आत शिरतात आणि चेतातंतूकडे संदेश जातो. पिझो प्रथिनं शोधणारे आर्डेम पटापुटियन यांना 2021 साली नोबेल पारितोषिक मिळालं. या मर्केल पेशी बोटांच्या टोकांवर, ओठांत आणि केसांच्या मुळांभोवती दाट असतात. बारीक कडा आणि खरखरीतपणा ओळखणं हे त्यांचं काम. तांदूळ निवडताना नजर दुसरीकडे असली तरी बोटाला खडा लागतो, त्यात या पेशींचा मोठा हात.

कर्करोगाची गोष्ट मात्र मर्केल यांच्याबरोबर सुरू होत नाही. 1972 साली सिरिल टोकर या विकृतिशास्त्रज्ञाने त्वचेच्या पाच विचित्र गाठींचं वर्णन प्रसिद्ध केलं. त्यांत पेशी पट्ट्यापट्ट्यांनी, जाळीसारख्या रचलेल्या होत्या, आणि त्या घामाच्या ग्रंथींतून आल्या असाव्यात असं त्याला वाटलं. सहा वर्षांनी अशाच गाठी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली ठेवल्या, तर पेशींत बारीक, गडद गाभ्याचे कण दिसले. कातडीत असे कण असणाऱ्या पेशी म्हणजे मर्केल पेशी. तिथून हे नाव चिकटलं. गंमत अशी, की या गाठी खरोखर मर्केल पेशींपासून होतात का, याबद्दल आज बहुतेक संशोधकांना शंका आहे. प्रौढ मर्केल पेशी स्वतः विभाजित होत नाहीत, आणि विभाजन न होणाऱ्या पेशीतून इतका वेगवान कर्करोग उपजणं कठीण. बाह्यत्वचेतल्या किंवा केसाच्या मुळातल्या एखाद्या पूर्वज पेशीने पुढे मर्केल पेशीचं रूप धारण केलं असावं, असा विचार सध्या जास्त मानला जातो. वाद मिटलेला नाही.

आता दुसरा रस्ता. 2002 साली ‘लॅन्सेट’मध्ये आलेल्या एका अभ्यासात दिसलं की एचआयव्ही-एड्स असलेल्यांमध्ये मर्केल पेशींचा कर्करोग सर्वसाधारण लोकांपेक्षा तेरापटींहून जास्त होतो. मूत्रपिंड बदललेल्यांमध्ये आणि एका विशिष्ट प्रकारच्या संथ रक्तकर्करोगाच्या रुग्णांमध्येही तो वारंवार दिसत होता. प्रतिकारशक्ती कमी झाल्यावरच एखादा कर्करोग उफाळत असेल, तर त्यामागे विषाणू असण्याची शक्यता बळावते. पिट्सबर्ग विद्यापीठातल्या युआन चँग आणि पॅट्रिक मूर या जोडप्याने हा धागा पकडला. त्यांना अनुभव होता. 1994 साली, न्यूयॉर्कमध्ये असताना, एड्सच्या रुग्णांना होणाऱ्या कापोसी सार्कोमामागचा विषाणू याच दोघांनी शोधला होता.

पण विषाणू शोधायचा कसा, जर तो आजवर कुणी पाहिलेलाच नसेल? त्यांच्या गटातल्या हुइचेन फेंग यांनी एक पद्धत वापरली, जी कल्पनेत फार सोपी आहे. गाठीच्या पेशींत जे जे जनुकीय संदेश चालू आहेत, ते सगळे वाचून काढायचे. मग त्यांतून माणसाचे म्हणून ओळखता येतील ते सगळे वजा करायचे. उरेल ते परकं. चार रुग्णांच्या गाठींमधून जवळपास चार लाख तुकडे वाचले गेले. मानवी जनुकांशी जुळणारे काढून टाकल्यावर सुमारे 2,400 उरले. त्यांतला एक, फक्त एक, तुकडा पॉलिओमा गटातल्या विषाणूंशी मिळताजुळता निघाला. त्या एका तुकड्याच्या आधाराने त्यांनी अख्ख्या विषाणूची मांडणी उलगडली. मग दहा वेगळ्या गाठी तपासल्या, तर आठांमध्ये तो सापडला. जानेवारी 2008 मध्ये हा निबंध ‘सायन्स’मध्ये आला आणि विषाणूचं नाव ठरलं मर्केल सेल पॉलिओमाव्हायरस.

सापडला, एवढ्याने तो दोषी ठरत नाही. पण याही बाबतीत पुरावा होता. बहुतेक गाठींत विषाणूचा डीएनए पेशीच्या स्वतःच्या डीएनएमध्ये घुसून बसला होता, आणि एकाच गाठीतल्या सगळ्या पेशींत तो अगदी त्याच जागी होता. म्हणजे आधी कर्करोग झाला आणि मग विषाणू येऊन राहिला, असं नव्हे. विषाणू आधी एका पेशीत घुसला, आणि त्या एका पेशीचे वंशज म्हणजे ही गाठ.

हा विषाणू आला कुठून, तर आपल्याच कातडीवरून. बहुतेक प्रौढांच्या रक्तात त्याच्या विरुद्धची प्रतिपिंडं सापडतात. लहानपणीच कधीतरी तो अंगावर येतो, काही लक्षणं दाखवत नाही, आणि जन्मभर कातडीवर मुक्काम ठोकतो. तुमच्या-माझ्या अंगावर तो आत्ताही असण्याची शक्यता जास्त आहे. एरवी तो कुणाचं काही बिघडवत नाही. कर्करोग व्हायला दोन अपघात एकाच पेशीत घडावे लागतात. पहिला, त्याचा डीएनए माणसाच्या डीएनएत घुसणं. दुसरा, त्याच्या एका महत्त्वाच्या जनुकाचं शेपूट तुटणं. हे शेपूट गेलं की विषाणूला स्वतःच्या प्रती काढता येत नाहीत. पण त्या प्रथिनाचा उरलेला भाग मानवी पेशीच्या एका रक्षक प्रथिनाला घट्ट धरून ठेवतो. आरबी हे त्या रक्षकाचं नाव, आणि पेशीने विभाजन कधी थांबवायचं हे ठरवणं त्याचं काम. तो अडकला की पेशी थांबायचं विसरते. विषाणूच्या दृष्टीने पाहिलं तर हा पूर्ण तोट्याचा व्यवहार आहे. त्याला पिलावळ मिळत नाही, दुसऱ्या माणसाकडे जाता येत नाही, आणि ज्या शरीरात तो सुखाने राहत होता तेच संपतं. संसर्गजन्य रोग म्हटला की आपण कुणाचा तरी लाभ शोधतो. इथे लाभ कुणाचाच नाही.

आणि उन्हाचा रस्ता? अमेरिका-युरोपात पाचपैकी साधारण चार गाठींत विषाणू सापडतो. ऑस्ट्रेलियात मात्र चित्र उलटं आहे. तिथे विषाणू नसलेल्या गाठी बहुसंख्य आहेत. क्वीन्सलँड राज्यात या रोगाचं प्रमाण जगात सर्वाधिक नोंदलेल्यांपैकी आहे, लाखात 1.6, आणि ऐंशीच्या पुढच्यांत लाखात वीसहून जास्त. गोऱ्या कातडीची माणसं, उष्ण कटिबंधाचं ऊन, आणि सत्तर-ऐंशी वर्षांचा काळ. या गाठींचा डीएनए वाचला तर उन्हाची सही जागोजागी दिसते. अतिनील किरणांनी डीएनएत होणारे बदल ठरावीक अक्षरांच्या जोडीवर, ठरावीक पद्धतीने होतात, त्यामुळे ते ओळखता येतात. विषाणूवाल्या गाठींत असे बदल अगदी तुरळक, तर विषाणू नसलेल्या गाठींत त्यांची संख्या जवळपास शंभरपट. मानवी कर्करोगांत सर्वाधिक बदल असणाऱ्यांत यांची गणना होते. आणि त्या हजारो बदलांत एक बदल वारंवार दिसतो: आरबी प्रथिनाचं जनुकच मोडलेलं असतं. विषाणू ज्या रक्षकाला धरून ठेवतो, त्यालाच ऊन हळूहळू संपवतं. दोन वेगळे चोर, घर एकच, आणि दोघांनी कुलूपही तेच फोडलेलं.

उन्हाचा आणखी एक गुन्हा कमी बोलला जातो. अतिनील किरण कातडीतल्या स्थानिक प्रतिकारपेशींनाही लुळं करतात. म्हणजे बिघाड करायचा आणि बिघाड पकडणाऱ्यालाही झोपवायचं, दोन्ही कामं एकच ऊन करतं.

अमेरिकेतल्या नोंदींमधून एक बारीक गोष्ट पुढे आली. तिथे मेलानोमा आणि मर्केल या दोन्ही कर्करोगांच्या गाठी शरीराच्या डाव्या बाजूला, विशेषतः डाव्या हातावर, जास्त दिसतात. कारण काय असावं? तिथे मोटार चालवणारा डाव्या बाजूला बसतो आणि खिडकीतून ऊन त्याच्या डाव्या हातावर पडतं. खिडकीची काच अतिनील किरणांतला एक भाग अडवते, पण दुसरा, जास्त खोल जाणारा भाग बराचसा आत सोडते. आपल्याकडे वर्षानुवर्षं टॅक्सी किंवा ट्रक चालवणाऱ्या माणसाचे दोन्ही हात शेजारी ठेवून बघा. उजवा हात डाव्यापेक्षा रापलेला दिसेल. काळ्यासावळ्या कातडीत ही गोष्ट बहुधा रंगावरच थांबते, आणि याचं श्रेय मेलॅनिनला.

मेलॅनिनमुळेच भारतात त्वचेचे कर्करोग एकूणात कमी आणि मर्केल तर फारच विरळा. आपल्याकडच्या वैद्यकीय नियतकालिकांत तो एकेका रुग्णाची हकीकत म्हणून येतो. आपल्याकडे त्वचेच्या कर्करोगाचा इतिहास निराळाच आहे. त्यात ऊन कमी आणि जुन्या जखमा, भाजल्याचे वण, वर्षानुवर्षांचं घर्षण जास्त. काश्मीरमध्ये पोटाशी कांगडी धरणाऱ्यांना होणारा कर्करोग प्रसिद्ध आहे. टाटा मेमोरियलचे डॉ. वसंत रामजी खानोलकर यांनी 1945 साली लिहिलेल्या निबंधात तर कमरेला धोतर घट्ट कसून बांधणाऱ्यांच्या कमरेवर होणाऱ्या कर्करोगाचं वर्णन आहे. कपड्याच्या काठाचं घर्षण, घाम, मळ, आणि वर्षांमागून वर्षं. हा निबंध मला कायम थोर वाटतो, कारण परदेशी पुस्तकांत असल्या रोगाला जागाच नव्हती. माणसं कशी राहतात हे जवळून पाहिल्याशिवाय तो दिसला नसता.

तरीही मर्केल आपल्याला अगदीच परका म्हणून सोडून देता येत नाही. कातडीचा रंग ऊन अडवतो, विषाणू अडवत नाही. आणि ज्यांची प्रतिकारशक्ती औषधांनी दाबून ठेवली आहे अशा, मूत्रपिंड बदललेल्या लोकांची संख्या आपल्याकडे वाढतेच आहे. त्यांच्या कातडीवरची नवी, भराभर वाढणारी गाठ ‘दुखत नाही’ म्हणून महिनोन्महिने सांभाळण्यात शहाणपण नाही.

निदान बायोप्सीनेच होतं. गाठीचा तुकडा रंगवून काचपट्टीवर बघितला की लहान, गोल, निळ्याजांभळ्या पेशींची दाटी दिसते. प्रत्येक पेशीत केंद्रकच जवळपास सगळी जागा व्यापून असतं. अडचण अशी, की फुप्फुसाचा एक कर्करोग कातडीत पसरला तरी सूक्ष्मदर्शकाखाली हुबेहूब असाच दिसतो. तेव्हा विकृतिशास्त्रज्ञ दोन रंगचाचण्या मागवतात. मर्केलच्या पेशींत सीके-20 नावाचं प्रथिन केंद्रकाला खेटून एका ठिपक्यासारखं साचलेलं असतं, प्रत्येक पेशीत एक ठिपका. फुप्फुसाच्या कर्करोगात दिसणारं टीटीएफ-1 मात्र सहसा अजिबात नसतं. ठिपका आहे आणि दुसरं प्रथिन नाही, एवढ्यावर बहुतेक वेळा प्रश्न सुटतो.

पुढची पायरी म्हणजे पहारेकरी लसिका ग्रंथीची तपासणी. गाठीच्या जागी रंगद्रव्य किंवा किरणोत्सारी द्रव्य टोचलं की ते वाहत ज्या पहिल्या ग्रंथीत पोचतं, तीच काढून तपासायची. हाताने काहीच लागत नसताना, स्कॅनही स्वच्छ असताना, साधारण तीनांपैकी एका रुग्णाच्या त्या ग्रंथीत कर्करोगाच्या पेशी आधीच पोचलेल्या असतात. मूळ गाठ शस्त्रक्रियेने काढायची, आणि बहुतेकदा त्या जागेला रेडिएशन द्यायचं, असा क्रम. या पेशी रेडिएशनला चटकन वितळतात, ही त्यांच्यातली एक दिलाशाची बाब. रोग परतायचाच असेल तर बहुतेक वेळा पहिल्या दोन-तीन वर्षांतच परततो, म्हणून त्या काळात तपासण्या जवळजवळ ठेवतात.

आता एक विचित्र गोष्ट. क्वचित, फारच क्वचित, ही गाठ आपोआप नाहीशी होते. बायोप्सीचा तुकडा काढल्यानंतर काही आठवड्यांत उरलेली गाठ विरून गेल्याच्या नोंदी 1980 च्या दशकापासून आहेत. त्याच जातीची दुसरी नोंद अशी: काही रुग्णांच्या काखेतल्या किंवा जांघेतल्या ग्रंथीत मर्केलच्या पेशी सापडतात, पण अंगभर शोधूनही कातडीवर मूळ गाठ सापडत नाही. रोग ग्रंथीत पोचला आहे म्हणजे स्थिती वाईट असायला हवी. पण हे रुग्ण, मूळ गाठ दिसणाऱ्या आणि तितक्याच ग्रंथी बाधित असलेल्या रुग्णांपेक्षा जास्त जगतात. समजुतीला पटणारं स्पष्टीकरण एकच. मूळ गाठ होती, पण शरीराच्या प्रतिकारपेशींनी तिला खाऊन टाकलं.

इथे दोन्ही रस्ते पुन्हा एकत्र येतात. विषाणूवाली गाठ विषाणूचं प्रथिन बनवल्याशिवाय जगू शकत नाही, आणि ते प्रथिन शरीराला सरळ परकं दिसतं. उन्हाच्या गाठीत हजारो बिघडलेली प्रथिनं असतात, तीही परकीच. कुठल्याही बाजूने पाहिलं तरी हा कर्करोग प्रतिकारशक्तीच्या नजरेत भरणारा आहे. मग तो वाढतो कसा? एक तर नजर म्हातारपणाने, रोगाने किंवा औषधांनी मंदावलेली असते. नाहीतर गाठ प्रतिकारपेशींवरचा एक ब्रेक दाबून धरते. हा ब्रेक म्हणजे पीडी-1. त्याचा शोध जपानमधल्या तासुकू होंजो यांच्या प्रयोगशाळेत लागला आणि त्यांना 2018 चं नोबेल मिळालं. हा ब्रेक सोडवणारी औषधं म्हणजे आजची इम्युनोथेरपी.

पूर्वी पसरलेल्या मर्केलवर केमोथेरपी देत. गाठी आकसत, घरचे हुरळून जात, आणि काही महिन्यांत रोग दुप्पट जोमाने परतत असे. 2016 साली प्रसिद्ध झालेल्या, सिएटलच्या पॉल न्येम यांच्या पुढाकाराने झालेल्या अभ्यासात 26 रुग्णांना पेम्ब्रोलिझुमॅब हे ब्रेक सोडवणारं औषध देऊन पाहिलं गेलं. निम्म्याहून जास्त रुग्णांच्या गाठी लक्षणीय आकसल्या. विषाणूवाल्या आणि विषाणू नसलेल्या, दोन्ही. दुसऱ्या अभ्यासात, केमोथेरपी हरलेल्या 88 रुग्णांना अव्हेलुमॅब हे तशाच जातीचं औषध दिलं, तेव्हा जवळपास एक तृतीयांश जणांना गुण आला, आणि अनेकांचा गुण टिकून राहिला. मार्च 2017 मध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनाने अव्हेलुमॅबला मान्यता दिली. पसरलेल्या मर्केलसाठी मान्यता मिळालेलं ते पहिलं औषध. पेम्ब्रोलिझुमॅब आपल्याकडेही मिळतं, पण एकेका डोसचा खर्च लाखांच्या घरात जातो, आणि विम्याच्या कागदांत ते बसवताना घरच्यांची दमछाक होते.

ज्यांना या औषधाची गरज सर्वांत जास्त, त्यांनाच ते देणं सर्वांत अवघड, हा या उपचारातला खरा पेच. मूत्रपिंड बदललेल्या माणसाची प्रतिकारशक्ती मुद्दाम दाबून ठेवलेली असते, म्हणून तर त्याला मर्केल होण्याचा धोका जास्त. आता गाठीसाठी तीच प्रतिकारशक्ती मोकळी सोडली, तर ती गाठीबरोबर बसवलेल्या मूत्रपिंडावरही तुटून पडू शकते. अशा रुग्णांना ही औषधं दिल्यावर जवळपास चाळीस टक्के जणांचं मूत्रपिंड शरीराने नाकारल्याचं दिसलं आहे. मूत्रपिंड गेलं तर निदान डायलिसिसचा आधार उरतो. काही रुग्ण डॉक्टरांशी बसून हाच हिशेब करतात आणि मूत्रपिंड पणाला लावून औषध घेतात. हृदय किंवा यकृत बदललेल्यांना तेवढाही पर्याय नसतो. त्यांच्यासाठी मग प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या गोळ्यांचा डोस किती उतरवायचा, कुठली गोळी बदलायची, आणि गाठीवर फक्त रेडिएशनने किती काळ भागवता येईल, याचा अंदाज दर भेटीला नव्याने बांधावा लागतो.